कंबरदुखीचा क्लेम पुन्हा पुन्हा परत येतोय? दोष कुठे शोधायचा

अमेरिकेतल्या क्लिनिकांचं कोडिंग (डॉक्टरांच्या नोंदीतले आजार आणि उपचार विम्याच्या क्लेमसाठी ठरावीक कोडांत लिहिणं) पुण्यात किंवा नवी मुंबईत बसून करणाऱ्या कुठल्याही टीमची डिनायलची, म्हणजे विमा कंपनीने नाकारलेल्या क्लेमची, फाइल उघडा, त्यात कंबरदुखी असणारच. स्पेशालिटी ऑर्थो असो, फॅमिली मेडिसिन असो, पेन मॅनेजमेंट असो की फिजिओ. एक क्लेम दुरुस्त होतो, पैसे येतात, आणि पुढच्या महिन्यात त्याच डॉक्टरांचे, त्याच कारणाचे आणखी क्लेम रांगेत उभे असतात. दुरुस्ती झालेली असते ती त्या एका क्लेमची. चूक जिथून निघते ती जागा तशीच राहिलेली असते.

माझं स्पष्ट मत आहे की असा क्लेम हातात आला की "आता दुसरा कोणता कोड चालेल?" हा प्रश्न विचारूच नये. डॉक्टरांनी भेटीच्या नोटमध्ये काय लिहिलंय, आणि त्यातलं काय कोडमध्ये उतरलं नाही किंवा जास्तीचं उतरलं, एवढंच शोधायचं. चालेल तो कोड लावून बघण्याची सवय लागली की क्लेम पास होतो, पण पेशंटच्या नोंदीत त्याला नसलेला आजार जाऊन बसतो आणि पुढे प्रत्येक डॉक्टर तो वाचतो. हजारो मैल दूर बसून काम करताना तो माणूस आपल्याला कधीच दिसत नाही. म्हणून तर नोटवर जास्त लक्ष हवं.

आधी परत आलेला कागद नीट वाचा

क्लेम नक्की कुठून परत आला ते पहिलं बघा. क्लिअरिंगहाउसनेच (क्लेम तपासून विमा कंपनीकडे पाठवणाऱ्या मधल्या संस्थेने) अडवला असेल तर तो विमा कंपनीपर्यंत पोचलेलाच नाही. ते रिजेक्शन, तिथे अपील करण्यासारखं काही नसतं. विमा कंपनीने नाकारला असेल तर ईआरएवर (विमा कंपनीकडून येणाऱ्या इलेक्ट्रॉनिक हिशेबावर) कारणाचा आकडा येतो, आणि कंबरदुखीत हे आकडे ठरलेलेच असतात.

१६ आणि सोबत एम७६ हा रिमार्क असेल तर डायग्नोसिस कोड अपुरा किंवा अवैध आहे. (हा एम७६ रिमार्क कोडांच्या यादीतला. आयसीडी या आजारांच्या कोडांच्या यादीतही एम७६ आहे, पण तो पायाच्या स्नायुबंधांच्या जोडाचे विकार सांगतो. दोन्ही याद्या डोक्यात वेगळ्या ठेवा.) १४६ आला तर कोड त्या तारखेला वैध नव्हता. ११ म्हणजे डायग्नोसिस आणि प्रोसीजर जुळत नाहीत. ५० म्हणजे वैद्यकीय गरज सिद्ध झाली नाही.

१६ आणि १४६ चं उत्तर बहुतेक वेळा कोडच्या आकड्यांमध्ये सापडतं. ११ आणि ५० चं उत्तर नोटमध्ये असतं. मेडिकेअरच्या (अमेरिकेतल्या सरकारी विम्याच्या) कागदावर एमए१३० हा रिमार्क दिसला तर क्लेम प्रक्रियेलाच घेतलेला नाही आणि अपीलचा हक्क नाही, असा त्याचा अर्थ. दुरुस्त करून नवा क्लेम पाठवायचा. तिथे अपील लिहीत बसलात तर आठवडे वाया जातात, आणि मेडिकेअरची क्लेम भरायची मुदत उपचाराच्या तारखेपासून एका वर्षाची आहे. खासगी कंपन्यांकडे मात्र सहसा मूळ क्लेमचा नंबर देऊन, फ्रीक्वेन्सी कोड ७ (जुन्याच्या जागी हा क्लेम घ्या, असा अर्थ) लावून दुरुस्त क्लेम जातो.

जुना एम५४.५ अजून कुठे शिल्लक आहे

एम५४.५ हा कोड ३० सप्टेंबर २०२१ पर्यंत बिलात चालत होता. १ ऑक्टोबर २०२१ पासून त्याचे तीन भाग झाले: एम५४.५०, एम५४.५१ आणि एम५४.५९. तेव्हापासून नुसता एम५४.५ बिलात लावता येत नाही. हे सगळ्यांना माहीत आहे. तरीही तो येतो, कारण तो कोडरच्या डोक्यातून येत नाही, सिस्टीममधून येतो.

इलेक्ट्रॉनिक क्लेममध्ये बिंदू नसतो. त्यामुळे तिथे एम५४५ दिसला की लगेच थांबा, त्याला पाचवी जागा हवी. मग मागे जा. डॉक्टरांच्या ईएचआरमध्ये (पेशंटच्या नोंदींच्या सॉफ्टवेअरमध्ये) आवडत्या कोडांची यादी असते. सॉफ्टवेअरचा मुख्य कोडसंच वर्षाला अपडेट होतो, पण ही वैयक्तिक यादी प्रत्येक ठिकाणी आपोआप बदलतेच असं नाही. पेशंटच्या प्रॉब्लेम लिस्टमध्ये काही वर्षांपूर्वी टाकलेला कोड प्रत्येक भेटीत पुढे ओढला जातो. छापील सुपरबिल (भेटीचे कोड टिक करायचा फॉर्म) वापरणारी क्लिनिकं अजून आहेत. आणि सगळ्यात जास्त निसटतं ते फिजिओच्या रेफरलमधून. डॉक्टरांनी लिहिलेला कोड फिजिओचं ऑफिस जसाच्या तसा उचलतं आणि सहा आठवड्यांच्या सगळ्या भेटींवर लावतं.

नियम असा की कोड उपचाराच्या तारखेला वैध हवा. ॲडमिट पेशंट असेल तर डिस्चार्जची तारीख धरायची. ऑर्डर कधी लिहिली याला इथे महत्त्व नाही, आणि सवलतीचा काळही नसतो. हाच प्रकार डिस्कच्या झिजेच्या कोडांबाबत झाला. एम५१.३६ हा कोड ३० सप्टेंबर २०२४ पर्यंत ठीक होता. १ ऑक्टोबर २०२४ पासून त्याला सहावी जागा आली: फक्त डिस्कमुळे होणारी कंबरदुखी असेल तर एम५१.३६०, फक्त पायात वेदना असेल तर एम५१.३६१, दोन्ही असेल तर एम५१.३६२, आणि वेदनेचा उल्लेखच नसेल तर एम५१.३६९. लंबोसेक्रल भागासाठी (कमरेचा सगळ्यात खालचा जोड) एम५१.३७० पासून अशीच मालिका आहे. सप्टेंबरमध्ये सुरू होऊन ऑक्टोबरमध्ये संपलेला फिजिओचा एखादा कोर्स काढून बघा. ३० तारखेची भेट पास आणि २ तारखेची नापास, असं चित्र दिसलं तर कारण दुसरीकडे शोधायची गरज नाही.

या नव्या कोडांबरोबर एक जुनी सवयही सोडायला हवी. डिस्कची झीज आणि त्यामुळे कंबरदुखी असेल तर पूर्वी आपण दोन कोड लावत होतो. आता वेदना त्या एका कोडमध्येच आली आहे, सोबत एम५४.५० लावायचं कारण उरलेलं नाही.

दोन कोड एकत्र बसत नाहीत तेव्हा

माझ्या मते ऑडिटमध्ये सर्वांत जास्त वेळ द्यावा तो इथे. एम५४.५ च्या खाली एक्सक्लूड्स १ ची टीप आहे. तिच्यात तीन गोष्टी आहेत: कमरेचा स्ट्रेन (स्नायू ताणला जाणं), म्हणजे एस३९.०१२; डिस्क सरकल्यामुळे झालेली कंबरदुखी, म्हणजे एम५१.२- (शेवटची रेघ म्हणजे त्या गटातले सगळे कोड), आणि सायटिकासह कंबरदुखी, म्हणजे एम५४.४-. एक्सक्लूड्स १ असेल तर ते दोन कोड एकाच भेटीत एकत्र लावायचे नाहीत. दोन्ही तक्रारींचा एकमेकींशी खरोखरच संबंध नसेल तरच अपवाद. एक्सक्लूड्स २ वेगळा, तिथे दोन्ही आजार असतील तर दोन्ही कोड लावता येतात. १ आणि २ मधली गल्लत फार महाग पडते.

उदाहरणासाठी एक नोट घेऊ. पेशंट ५८ वर्षांची स्त्री. चार महिने कंबर दुखते, कळ डाव्या मांडीच्या मागून पोटरीपर्यंत उतरते. एमआरआयमध्ये एल४-एल५ ला (कमरेच्या चौथ्या-पाचव्या मणक्यांमध्ये) डिस्क बाहेर आलेली. असेसमेंटमध्ये, म्हणजे नोटच्या निदानाच्या भागात, डॉक्टरांनी तीन ओळी लिहिल्या आहेत: एक, लो बॅक पेन, दोन, सायटिका, डावी बाजू, तीन, एचएनपी एल४-५ (म्हणजे तीच बाहेर आलेली डिस्क). कोडरने तिन्ही ओळींना एकेक कोड दिला: एम५४.५०, एम५४.३२, एम५१.२६. क्लेम परत.

आता घाईची दुरुस्ती कशी होते बघा. पहिल्या दोन ओळी एकत्र करून एम५४.४२, डाव्या सायटिकासह कंबरदुखी, आणि सोबत एम५१.२६ तसाच. ही जोडी क्लेम तपासणाऱ्या काही एडिट सॉफ्टवेअरमधून आरामात निसटते, कारण एम५४.४ च्या एक्सक्लूड्स १ मध्ये एम५१.१- आहे, एम५१.२- नाही. म्हणजे सिस्टीम काही बोलत नाही, क्लेमही कदाचित पास होतो, आणि तरी कोडिंग चूकच राहतं.

उत्तर प्लॅनमध्ये, म्हणजे पुढच्या उपचारांच्या भागात, होतं. तिथे डॉक्टरांनी लिहिलंय, "डाव्या पायाची सायटिका एल४-५ च्या हर्निएशनमुळे, सहा आठवडे फिजिओ, आराम न पडल्यास एपिड्युरल इंजेक्शनचा विचार." कारण आणि लक्षण त्यांनी स्वतःच जोडून दिलं. मग तिन्ही ओळींचा मिळून एकच कोड होतो: एम५१.१६, कमरेच्या डिस्कचा विकार आणि सोबत रॅडिक्युलोपॅथी (मज्जातंतूच्या मुळाचा त्रास). डिस्कमुळे झालेली सायटिका याच कोडमध्ये येते. कंबरदुखी हे त्या आजाराचं नेहमीचंच लक्षण, ते वेगळं लावायचं नाही. हीच डिस्क एल५-एस१ ची असती तर भाग लंबोसेक्रल झाला असता आणि कोड एम५१.१७. या कोडांमध्ये डावं-उजवं नसतं, त्यामुळे "बाजू राहिली" म्हणून सोबत एम५४.३२ जोडायचा मोह टाळा.

नवीन कोडरना माझं आग्रहाचं सांगणं आहे की असेसमेंटच्या यादीवर थांबू नका. यादीत आजार सुटे सुटे असतात. "मुळे", "सह", "नंतर" हे शब्द बहुधा प्लॅनमध्ये असतात.

पायात वेदना आणि सायटिका हेही एकच धरू नका. डॉक्टरांनी नुसतं "कंबरेपासून पायात दुखतं" लिहिलं असेल तर सायटिका हे निदान आपण तयार करायचं नाही. त्याचप्रमाणे ऑफिस व्हिजिट कोड करताना एमआरआयच्या रिपोर्टमधून स्टेनोसिस (मणक्याची नळी अरुंद होणं) उचलून आपल्या मनाने लावायचा नाही. उपचार करणाऱ्या डॉक्टरांनी तो आपल्या नोटमध्ये मान्य करायला हवा. त्यांनी मान्य केला तरी एक प्रश्न उरतो: चालताना पाय भरून येणं, थांबून बसल्यावर बरं वाटणं, म्हणजे न्यूरोजेनिक क्लॉडिकेशन आहे की नाही? ते नसेल तर एम४८.०६१, असेल तर एम४८.०६२. पाच जागांचा एम४८.०६ हा २०१७ च्या ऑक्टोबरपासूनच बाद आहे.

आउटपेशंटमध्ये "प्रॉबेबल", "सस्पेक्टेड", "रूल आउट" हे शब्द मागेपुढे असतील तर ते निदान कोड होत नाही, लक्षणच कोड होतं. "रूल आउट हर्निएशन" असलेल्या नोटला एम५४.५० हाच बरोबर कोड. ॲडमिट पेशंटच्या फॅसिलिटी बिलात डिस्चार्जच्या वेळी तसंच लिहिलेलं असेल तर नियम उलटा, आजार आहे असं धरून कोड करतात. दोन्ही प्रकारचं काम आलटून पालटून करणाऱ्या टीममध्ये हा घोटाळा हमखास होतो.

स्ट्रेनचा एस कोड

ओझं उचलताना कंबर धरली, डॉक्टरांनी लंबर स्ट्रेन लिहिलं, तर एस३९.०१२ए. सातवी जागा नसेल तर कोड अवैध. ए म्हणजे पहिली भेट हा समज चुकीचा आहे. ए म्हणजे सक्रिय उपचार चालू आहेत. मग भेट दुसरी असो वा तिसरी, किंवा डॉक्टर बदललेले असोत. पुढे बरं होण्याच्या काळातली नेहमीची देखभाल, ज्यात फिजिओ बहुधा येते, ती डी. जुनी, बरी झालेली दुखापत आणि आता वारंवार दुखणारी कंबर असेल तर साधारणपणे आयसीडीतल्या एम प्रकरणाकडे (हाडं आणि स्नायूंचे आजार) वळायचं.

दुखापतीचा हा एस कोड लागला की बऱ्याच विमा कंपन्या पेशंटला अपघाताची प्रश्नावली पाठवतात: कामावर झालं का, गाडीच्या अपघातात झालं का. उत्तर येईपर्यंत क्लेम लटकतो. म्हणून दुखापतीचा उल्लेखच नसलेल्या कंबरदुखीला सवयीने स्ट्रेन लावणं पेशंटला विनाकारण त्रासात टाकणं आहे.

.५०, .५१ की .५९

एक समज टीमांमध्ये फार पसरलेला दिसतो: ".५० लावला की डिनायल येतं, .५९ लावा." याला कोडिंगचा काहीही आधार नाही. .५० म्हणजे नोटमध्ये अधिक तपशील नाही. .५९ म्हणजे तपशील आहे, पण त्याला स्वतंत्र कोड नाही. "मेकॅनिकल लो बॅक पेन" असं डॉक्टरांनी स्पष्ट लिहिलं असेल तर आम्ही .५९ लावतो. नुसतं "एलबीपी" (लो बॅक पेन) असेल तर .५०, आणि त्यात कमीपणा काहीच नाही. कंबरदुखीच्या बहुतेक पेशंटमध्ये पहिल्या भेटीत नेमकं कारण सापडतच नाही, आणि डॉक्टर ते प्रामाणिकपणे तसंच लिहितात.

.५१ बद्दल जास्त सावध राहा. व्हर्टेब्रोजेनिक म्हणजे "मणक्याची कंबरदुखी" असा सरधोपट अर्थ नाही. मणक्याच्या एंडप्लेटमधून (डिस्कला लागून असलेल्या पृष्ठभागातून) येणाऱ्या वेदनेचं ते विशिष्ट निदान आहे. एमआरआयमध्ये मोडिक बदल (एंडप्लेटलगतच्या हाडातले बदल) दिसतात, आणि बॅसिव्हर्टेब्रल नर्व्ह ॲब्लेशनच्या (मणक्यातली वेदनेची नस जाळण्याच्या प्रक्रियेच्या), म्हणजे २०२२ पासून आलेल्या ६४६२८ या सीपीटी (प्रोसीजरच्या) कोडच्या, चार्टमध्ये हा कोड भेटतो. डॉक्टरांनी तो शब्द किंवा एंडप्लेटचा उल्लेख केला नसेल तर .५१ ला हात लावू नका.

"क्रॉनिक" शब्द असेल तर जी८९.२९ जोडता येतो. भेट वेदनेच्याच व्यवस्थापनासाठी असेल तर तो आधी, एरवी जागेचा कोड आधी. जी८९.४ मात्र क्रॉनिक पेन सिंड्रोम असं लिहिलेलं असेल तरच. क्रॉनिक पेन आणि क्रॉनिक पेन सिंड्रोम या दोन वेगळ्या नोंदी आहेत.

कोड बरोबर, तरी ५० आला

सगळे आकडे वैध, जोडी बरोबर, आणि तरी वैद्यकीय गरज नाही म्हणून नकार. इथे त्या प्रोसीजरची एलसीडी किंवा एनसीडी (काय, कधी मंजूर होतं याची मेडिकेअरची स्थानिक किंवा राष्ट्रीय नियमावली) उघडावीच लागते. कमरेच्या फॅसेट इंजेक्शनला (मणक्यांच्या छोट्या सांध्यातलं इंजेक्शन), ६४४९३ ला, नुसता एम५४.५० पुरत नाही. तिथे एम४७.८१६ सारखं निदान अपेक्षित असतं, म्हणजे मायलोपॅथी (मज्जारज्जूचा त्रास) आणि रॅडिक्युलोपॅथी नसलेली कमरेची स्पॉन्डिलोसिस. मेडिकेअरमध्ये कायरोप्रॅक्टिकला सबलक्सेशन (मणका जागेवरून किंचित सरकणं) दाखवावं लागतं, कमरेसाठी एम९९.०३, आणि सक्रिय उपचार आहेत हे सांगणारा एटी मॉडिफायर. याउलट ॲक्युपंक्चरचं. जानेवारी २०२० पासून मेडिकेअर ते फक्त क्रॉनिक कंबरदुखीसाठी देतं: दुखणं १२ आठवडे किंवा अधिक टिकलेलं, ठरावीक कारण न सापडलेलं. ९० दिवसांत १२ वेळा, फरक पडत असेल तर आणखी ८, वर्षाला जास्तीत जास्त २०. इथे कंबरदुखीचाच कोड हवा असतो, आणि क्लेम अडला तर नोटमध्ये "१२ आठवडे" कुठे आहे ते आधी शोधा.

अजून एक साधी जागा: सीएमएस-१५०० या क्लेम फॉर्मवर बारा डायग्नोसिस मावतात, पण प्रत्येक ओळीला पॉइंटर (ती ओळ कोणत्या डायग्नोसिससाठी, ते दाखवणाऱ्या खुणा) चारच. बरोबर कोड वरच्या यादीत आहे आणि इंजेक्शनच्या ओळीचा पॉइंटर मात्र मधुमेहाकडे, असं झालं की ११ येतोच.

यादीतला कोड मिळाला म्हणून नोटमध्ये नसताना लावायचा नाही, हे वेगळं सांगायला नको असं वाटेल. पण महिनाअखेरीला डिनायल कमी दाखवायचं दडपण येतं तेव्हा नेमकं हेच घडतं. सरकारी विम्यात जाणूनबुजून असं केलं तर ते फॉल्स क्लेम्स ॲक्टखाली जातं. टीम लीड सांगत असेल तरी ईमेलवर लेखी मागा.

मूळ बंद करायचं तर

एका महिन्याची कंबरदुखीची डिनायल्स डॉक्टरनिहाय लावा. एकाच डॉक्टरांकडून एम५४.५ येत असेल तर क्लायंटच्या ईएचआर टीमला त्या डॉक्टरांची आवडती यादी बदलायला सांगा. आपल्या कोडरला फीडबॅक देऊन काही होणार नाही. सगळ्या डॉक्टरांकडून एक्सक्लूड्स १ येत असेल तर ट्रेनिंगची गरज आपल्याकडे आहे. १ ऑक्टोबर आणि आता १ एप्रिल, या दोन्ही तारखांच्या आधी बदललेल्या कोडांची यादी फिजिओ आणि पेन क्लिनिककडे पाठवा, त्यांच्या चालू ऑर्डर त्या तारखा ओलांडून जातात.

आणि नोटच अपुरी असेल तर क्वेरी, म्हणजे डॉक्टरांना लेखी प्रश्न. क्वेरीत पैशाचा, डिनायलचा उल्लेख नको आणि उत्तर सुचवणंही नको. नोटमधले पुरावे मांडायचे आणि पर्याय मोकळे ठेवायचे. क्वेरी अर्थात इंग्रजीत जाते, पण तिचा सांगाडा असा: "१२ मार्चच्या नोटमध्ये कंबरदुखी आणि डाव्या पायात वेदना नोंदवली आहे. डावा एसएलआर (सरळ पाय उचलण्याची चाचणी) पॉझिटिव्ह. एमआरआयमध्ये एल४-५ ला डिस्क प्रोट्रूजन. पायातील वेदनेचं निदान आपल्या वैद्यकीय मतानुसार स्पष्ट करावं: डिस्कच्या विकारामुळे रॅडिक्युलोपॅथी, डिस्कशी संबंध नसलेली सायटिका, रॅडिक्युलोपॅथी नसलेली संदर्भित (दुसऱ्या जागेतून जाणवणारी) वेदना, अन्य, आत्ता सांगता येत नाही." उत्तर ईमेलवर आलं तर तेवढ्यावर कोड बदलू नका. तारीख आणि सहीसह नोटला ॲडेंडम (पुरवणी) जोडला गेला की मग क्लेम उघडा. "आत्ता सांगता येत नाही" असं उत्तर आलं, तर आहे तोच लक्षणाचा कोड ठेवून क्लेम पाठवा.